ग्रॅम कशाचा? विशिष्ट सक्रियतेच्या हिशेबाचा आढावा

किरणोत्सर्गी समस्थानिकाच्या एका ग्रॅममध्ये दर सेकंदाला किती अणूंचे विघटन होते, हे सांगणाऱ्या आकड्याला विशिष्ट सक्रियता म्हणतात. तो काढायला बारावीचे भौतिकशास्त्र पुरते. ॲव्होगाड्रो संख्येला अणुभाराने भागले की एका ग्रॅममधले अणू मिळतात. ०.६९३ ला अर्धायुष्याने भागले की दर सेकंदाला त्यांतला कितवा हिस्सा जातो ते मिळते. दोन्हींचा गुणाकार केला की काम झाले. रेडियम-२२६ चे अर्धायुष्य १,६०० वर्षे, म्हणजे सुमारे ५,०५० कोटी सेकंद. अणुभार २२६. उत्तर येते दर ग्रॅमला दर सेकंदाला सुमारे ३,६६० कोटी विघटने, अर्थात ३,६६० कोटी बेकरेल. जुन्या क्युरी या एककात (एक क्युरी म्हणजे ३,७०० कोटी बेकरेल) हिशेब करायचा असेल तर त्याहून सोपी वाट आहे: ३,५७,५०० या संख्येला वर्षांतले अर्धायुष्य आणि अणुभार यांच्या गुणाकाराने भागावे. रेडियमसाठी ०.९९ क्युरी येते, कोबाल्ट-६० साठी सुमारे १,१३०, ट्रिटियमसाठी ९,६०० च्या वर. अर्धायुष्य जितके कमी, अणू जितका हलका, तितका आकडा मोठा. पाठ्यपुस्तके इथे थांबतात, आणि त्यामुळे विद्यार्थ्याची समजूत होते की या विषयातला कळीचा घटक अर्धायुष्य आहे. गेल्या सव्वाशे वर्षांतला पुरावा वेगळे सांगतो. प्रयोगशाळेत, अणुभट्टीत आणि रुग्णालयात हा आकडा ठरतो तो भागाकाराच्या खालच्या बाजूला. ज्या ग्रॅमने आपण भागतो तो ग्रॅम नेमका कशाचा आहे, त्यात आणखी कोण कोण बसले आहे, हा खरा प्रश्न. सूत्र जे उत्तर देते ती केवळ कमाल मर्यादा असते.

ही खालच्या बाजूची तक्रारच मुळात रेडियमच्या शोधाला कारण ठरली. मारी क्युरी यांनी १८९८ च्या सुरुवातीला पिचब्लेंड या खनिजाचे मोजमाप केले, तेव्हा ते शुद्ध युरेनियम धातूपेक्षा साडेतीन पटींच्या आसपास सक्रिय भरले. चाल्कोलाइट हे तांबे आणि युरेनियम यांचे फॉस्फेट असलेले खनिज धातूच्या दुपटीने सक्रिय निघाले. खनिजात युरेनियम कमी आणि सक्रियता मात्र जास्त, हा हिशेब जुळणारा नव्हता. त्यांनी पुढे जे केले ते आजही अभ्यासण्यासारखे आहे: शुद्ध रसायने घेऊन तेच चाल्कोलाइट प्रयोगशाळेत बनवले. कृत्रिम चाल्कोलाइटची सक्रियता त्यातल्या युरेनियमला साजेशी, म्हणजे धातूहून कमी आली. रासायनिक घडण तीच, वजन तेच, पण सक्रियता वेगळी. तेव्हा नैसर्गिक खनिजात अल्प प्रमाणात काहीतरी प्रचंड सक्रिय असे लपलेले असले पाहिजे. त्याच वर्षी पोलोनियम आणि रेडियम या नव्या मूलद्रव्यांची घोषणा झाली. काटेकोरपणे पाहिले तर क्युरी ग्रॅममागची विघटने मोजत नव्हत्या, सारख्या क्षेत्रफळाच्या थरातून वाहणारा आयनीकरणाचा प्रवाह मोजत होत्या. पण युक्तिवाद विशिष्ट सक्रियतेचाच होता. साडेतीन पट हा आकडाही आज उलगडता येतो. नुकत्याच शुद्ध केलेल्या युरेनियममध्ये अल्फा कण देणारे मुख्यतः दोन समस्थानिक असतात, तर कोट्यवधी वर्षे अस्पर्श राहिलेल्या खनिजातली युरेनियमची पूर्ण साखळी आठ अल्फा कण देते. म्हणजे चौपट, आणि पिचब्लेंड काही शंभर टक्के युरेनियम नसते, म्हणून चौपटीहून थोडे कमी.

पुढे १९०८ मध्ये रदरफर्ड आणि गायगर यांनी मँचेस्टरमध्ये रेडियमचे अल्फा कण एकेक करून मोजले. एका ग्रॅममागे सेकंदाला ३,४०० कोटी, असे त्यांचे उत्तर होते. नंतरच्या मोजमापांनी ते ३,७०० कोटींपर्यंत नेले, आणि क्युरी हे एकक याच आकड्यावर कायमचे बांधले गेले. रेडियमच्या अर्धायुष्याचे मोजमाप सुधारले तसे खरे मूल्य ३,६६० कोटींजवळ स्थिरावले, पण एकक जागचे हलले नाही. म्हणून आज एक ग्रॅम रेडियमची सक्रियता एक क्युरीहून किंचित कमी भरते. एककाची व्याख्या एखाद्या पदार्थाच्या विशिष्ट सक्रियतेवर टांगली की काय होते, याचा हा चांगला नमुना. १९७५ मध्ये बेकरेल हे सेकंदाला एक विघटन असे कोणत्याही पदार्थाशी न जोडलेले एकक स्वीकारले गेले, ते शहाणपणाचेच झाले.

खालची बाजू किती फसवी असते, हे युरेनियमइतके स्पष्ट कुठेच दिसत नाही. ‘एक ग्रॅम युरेनियमची सक्रियता किती?’ या साध्या प्रश्नाची निदान तीन बरोबर उत्तरे आहेत. शुद्ध युरेनियम-२३८ असेल तर सूत्र सांगते त्याप्रमाणे सुमारे १२,४०० बेकरेल. निसर्गात सापडते तसे, पण रासायनिकरीत्या शुद्ध केलेले युरेनियम असेल तर सुमारे २५,००० बेकरेल. कारण त्यात दहा लाख अणूंमागे जेमतेम चोपन्न अणू युरेनियम-२३४ चे असतात आणि त्यांचे अर्धायुष्य अडीच लाख वर्षांच्या आत असल्यामुळे ते मूठभर अणू उरलेल्या सगळ्यांइतकी सक्रियता एकटे पुरवतात. आणि खनिजातल्या, आपल्या सगळ्या वंशजांसह बसलेल्या एक ग्रॅम युरेनियमचा विचार केला तर आकडा पावणेदोन लाखांच्या वर जातो. कारण साखळीतल्या चौदाही पायऱ्यांवर सेकंदाला सारखीच विघटने होत असतात. या तिन्ही उत्तरांत अर्धायुष्याचे कोष्टक तेच आहे. बदलला तो ‘एक ग्रॅम युरेनियम’ या शब्दांचा अर्थ. समृद्ध युरेनियमची गंमत त्याहून पुढची: आपण समृद्ध करतो २३५, पण हलका असल्यामुळे २३४ देखील सोबत वर येतो आणि समृद्ध मालाची बहुतांश सक्रियता या बिनबोलावलेल्या पाहुण्याची असते.

इथे पहिला आक्षेप येतो. भौतिकशास्त्राचा अभ्यासक म्हणेल की विशिष्ट सक्रियता हा समस्थानिकाचा अंगभूत गुण आहे; त्यात दुसरे काही मिसळले असेल तर ती भेसळ झाली, आणि भेसळीचा हिशेब वेगळा मांडावा. सूत्राची शुद्धता राखण्यासाठी ही भूमिका समजण्यासारखी आहे, पण ती टिकत नाही. भेसळ म्हणजे जी काढून टाकता येते ती. कोबाल्ट-६० मधला कोबाल्ट-५९ कोणत्याही आम्लाने, कोणत्याही राळेने वेगळा होत नाही, कारण रसायनशास्त्राच्या दृष्टीने दोघे एकच आहेत. शरीरही तो भेद करत नाही. थायरॉइड ग्रंथी आयोडीन ओढून घेते ती १३१ आहे की १२७ हे न पाहता. म्हणून सोबतच्या स्थिर अणूंना या क्षेत्रात ‘वाहक’ असे स्वतंत्र नाव आहे आणि मालाच्या विशिष्ट सक्रियतेत त्यांचे वजन धरले जाते. दोन राशी आहेत हे मान्य करावे: एक सैद्धांतिक कमाल, दुसरी प्रत्यक्षातली. गोंधळ होतो तो एकाच नावाखाली दोन्ही छापल्यामुळे. त्यात भर म्हणून जीवरसायनशास्त्रात हा आकडा ग्रॅमऐवजी मोलमागे देतात (कार्बन-१४ साठी कमाल दर मिलिमोलला सुमारे ६२ मिलिक्युरी), आणि द्रावणाच्या मिलिलिटरमागची सक्रियताही कधी कधी याच नावाने खपवली जाते. ती संहति आहे. तिचा आणि समस्थानिकाच्या सोबत्यांचा काही संबंध नाही.

मग सूत्राचा उपयोग काय, असे कोणी विचारील. उपयोग मोठा आहे, फक्त तो अनेकदा उलट्या दिशेने होतो. अर्धायुष्य माहीत असेल तर सक्रियता निघते, तशीच सक्रियता मोजली तर अर्धायुष्य निघते. आणि फार दीर्घायुषी समस्थानिकांसाठी दुसरी वाटच नाही. युरेनियम-२३८ निम्मे होईपर्यंत कोण थांबणार? अमेरिकेतल्या आर्गोन प्रयोगशाळेत जॅफी आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी अत्यंत शुद्ध समस्थानिकाचे पातळ थर तोलून त्यांतले अल्फा कण मोजले आणि १९७१ मध्ये युरेनियम-२३८ चे अर्धायुष्य ४४६.८३ कोटी वर्षे असल्याचे प्रसिद्ध केले. खडकांची आणि उल्कांची वये काढताना आजही हाच आकडा पायाशी असतो. बिस्मथ हे तर शतकभर स्थिर मानले जात होते. २००३ मध्ये फ्रेंच संशोधकांनी त्याची अल्फा विघटने पकडली आणि त्याचे अर्धायुष्य १९ वर अठरा शून्ये इतक्या वर्षांचे ठरले. एका ग्रॅम बिस्मथमध्ये वर्षाला शंभरेक विघटने होतात. इतकी क्षीण विशिष्ट सक्रियता मोजली गेली, तेव्हाच तो किरणोत्सर्गी ठरला. मात्र उलट्या दिशेच्या या हिशेबातही खालची बाजू चोख लागते: थरात किती अणू आहेत आणि ते सगळे त्याच समस्थानिकाचे आहेत ना, यात जी चूक राहील तीच अर्धायुष्यात उतरेल.

कार्बनचा कालमापनाचा हिशेब तर संपूर्णपणे सोबत्यांवर उभा आहे. शुद्ध कार्बन-१४ च्या एका ग्रॅममध्ये सेकंदाला सुमारे १६,५०० कोटी विघटने होतात. जिवंत झाडातल्या एका ग्रॅम कार्बनमध्ये मिनिटाला साडेतेरा. कारण एक लाख कोटी कार्बन अणूंमागे तिथे कार्बन-१४ चा एखाददुसराच अणू असतो. झाड मेले की बाहेरून नवा कार्बन येणे थांबते, साधा कार्बन तसाच राहतो, आणि हा साडेतेराचा आकडा दर ५,७०० वर्षांनी निम्मा होत जातो. विलर्ड लिबी यांनी १९४० च्या दशकाच्या अखेरीस ही पद्धत उभी केली आणि १९६० मध्ये त्यांना रसायनशास्त्राचे नोबेल मिळाले. पुणे जिल्ह्यातल्या इनामगावचे डेक्कन कॉलेजने केलेले उत्खनन घ्या. तिथल्या जोर्वे संस्कृतीच्या पूर्वार्धाचा काळ इसवी सन पूर्व १४०० ते १००० असा मांडला जातो. त्या काळाच्या सुरुवातीच्या कोळशातल्या एका ग्रॅम कार्बनची सक्रियता आज मिनिटाला नऊच्या आसपास असायला हवी. हाताशी असते ते एवढेच: साडेतेरा आणि नऊ यांतला फरक. पण सुरुवातीचा साडेतेराचा आकडा तरी स्थिर आहे का? नाही. दगडी कोळसा आणि खनिज तेल जाळून माणसाने हवेत कार्बन-१४ नसलेला मृत कार्बन सोडला आणि आकडा खाली आणला. १९६० च्या दशकाच्या सुरुवातीला अणुचाचण्यांनी तो जवळजवळ दुप्पट केला. म्हणून वर्षवलयांवरून बेतलेल्या दुरुस्तीच्या वक्राशिवाय आज कोणतीही तारीख स्वीकारली जात नाही. अर्धायुष्य बिचारे तिथेच आहे. हलतात ते सोबती.

अणुभट्टीत हा प्रश्न पैशांचा आणि आकारमानाचा होतो. कोबाल्ट-६० बनवायचे म्हणजे कोबाल्ट-५९ च्या कांड्या न्यूट्रॉनांच्या माऱ्यात ठेवायच्या. भारतात हे काम मुख्यतः रावतभाट्याच्या राजस्थान अणुवीज केंद्राशी जोडलेले आहे. वाशीचे ‘ब्रिट’, म्हणजे विकिरण आणि समस्थानिक तंत्रज्ञान मंडळ, त्यातून तयार होणारे स्रोत देशभर पुरवते. कोबाल्ट-५९ ची न्यूट्रॉन पकडण्याची क्षमता ३७ बार्न. दर चौरस सेंटीमीटरला सेकंदाला एकावर चौदा शून्ये इतके न्यूट्रॉन मिळत असतील, तर वर्षभराच्या माऱ्यानंतर दर ग्रॅमला सुमारे १२० क्युरी सक्रियता जमते. सूत्राची कमाल मर्यादा १,१३० क्युरी; म्हणजे हाती आला जेमतेम दहावा हिस्सा. कांडी आणखी ठेवली तर आकडा वाढतो, पण वाढीचा वेग मंदावत जातो, कारण तयार झालेला कोबाल्ट-६० त्याच वेळी विघटितही होत असतो आणि पकडायला उरलेले कोबाल्ट-५९ चे अणूही घटत असतात. आता दहा हजार क्युरींचा स्रोत हवा आहे असे धरा. दर ग्रॅमला ५० क्युरींचा माल असेल तर २०० ग्रॅम कोबाल्ट लागेल, म्हणजे बावीसेक घन सेंटीमीटर. २०० क्युरींचा असेल तर ५० ग्रॅम, म्हणजे साडेपाच घन सेंटीमीटर. कर्करोगावरच्या दूरचिकित्सेत, भाभा अणुसंशोधन केंद्राने विकसित केलेल्या भाभाट्रॉनसारख्या यंत्रात, हा फरक निर्णायक असतो. स्रोत मोठा असेल तर किरणांच्या झोताची कड धूसर होते, उपछाया रुंदावते आणि गाठीशेजारच्या निरोगी पेशी भाजतात. शिवाय जाड कांडी आपलेच गॅमा किरण पोटात गिळते. लासलगावच्या विकिरण केंद्रात मात्र अशी घाई नाही. तिथे कांद्याला कोंब येऊ नयेत म्हणून, आणि २००७ पासून अमेरिकेला जाणाऱ्या हापूसमधली कीड निष्प्रभ करण्यासाठी, माल स्रोतांच्या रॅकभोवती फिरवला जातो. रॅक मोठी असली तरी काही बिघडत नाही, तिथे एकूण क्युरी महत्त्वाच्या. एकाच समस्थानिकाला एका ठिकाणी जास्त विशिष्ट सक्रियता लागते आणि दुसऱ्या ठिकाणी कमीही चालते.

पण या सगळ्या आढाव्यात सर्वांत बोलके उदाहरण मॉलिब्डेनमचे आहे, आणि ते तुर्भ्याच्या भाभा केंद्राचे आहे. जगभरच्या आण्विक वैद्यक विभागांत सर्वाधिक वापरला जाणारा समस्थानिक म्हणजे टेक्नेशियम-९९एम. त्याचे अर्धायुष्य सहा तासांचे; म्हणून तो साठवता येत नाही, मॉलिब्डेनम-९९ या ६६ तासांच्या जनकापासून, ‘जनित्र’ म्हटल्या जाणाऱ्या उपकरणात, रुग्णालयातच रोज काढून घ्यावा लागतो. मॉलिब्डेनम-९९ ची कमाल विशिष्ट सक्रियता दर ग्रॅमला सुमारे ४,८०,००० क्युरी. तो मिळवण्याच्या दोन वाटा. पहिली: युरेनियम-२३५ चे विखंडन करून त्याच्या तुकड्यांतून मॉलिब्डेनम वेगळे काढायचे. त्यात स्थिर सोबती थोडे असतात आणि दर ग्रॅमला हजारो क्युरी मिळतात. दुसरी: साधे मॉलिब्डेनम अणुभट्टीत ठेवायचे. पण त्यातला पाव हिस्साही मॉलिब्डेनम-९८ नसतो आणि त्याची न्यूट्रॉन पकडण्याची क्षमता ०.१३ बार्न एवढी क्षुल्लक. कोबाल्टला दिला तेवढाच मारा आठवडाभर दिला आणि फक्त मंद न्यूट्रॉनांचा हिशेब धरला, तर दर ग्रॅमला अर्धा क्युरीही मिळत नाही. कमाल मर्यादेशी तुलना केली तर दहा लाखांत एक हिस्सा. सूत्राचे उत्तर आणि हातातला माल यांत सहा शून्यांची दरी.

या दरीचा परिणाम यंत्राच्या रचनेवर होतो. पाश्चात्त्य जनित्रांत मॉलिब्डेनम ॲल्युमिनाच्या छोट्या स्तंभावर बसवतात आणि मिठाच्या पाण्याने टेक्नेशियम धुऊन काढतात. एक ग्रॅम ॲल्युमिना जेमतेम वीसेक मिलिग्रॅम मॉलिब्डेनम धरून ठेवते. विखंडनातल्या मालासाठी तेवढे पुष्कळ झाले. अर्ध्या क्युरीवाल्या मालातून एक क्युरीचे जनित्र करायचे तर मात्र दोन ग्रॅमहून जास्त मॉलिब्डेनम आणि शंभर ग्रॅमहून जास्त ॲल्युमिना लागेल. आणि एवढा स्तंभ धुवायला इतके पाणी लागेल की टेक्नेशियम इंजेक्शनला निरुपयोगी होईल इतके पातळ होऊन येईल. म्हणून तुर्भ्याच्या शास्त्रज्ञांनी स्तंभ सोडून दिला. मॉलिब्डेनमच्या अल्कधर्मी द्रावणात मिथाइल इथाइल किटोन हे द्रावक ढवळायचे, टेक्नेशियम त्यात उतरते, मग द्रावक उडवून टाकायचे. अनेक वर्षे भारतातल्या रुग्णालयांची गरज या निष्कर्षण पद्धतीने भागवली. पुढे झिर्कोनियम मॉलिब्डेटची जेल वापरणारी जनित्रेही इथे विकसित झाली. त्यात मॉलिब्डेनम स्तंभावर चिकटवण्याऐवजी स्तंभच मॉलिब्डेनमचा असतो. याला दुय्यम दर्जाची तडजोड म्हणणारे लोक होते आणि आहेत. त्यांचा मुद्दा अगदीच पोकळ नाही: द्रावक काढून टाकण्याची पायरी कटकटीची असते आणि हाताळणाऱ्याला प्रशिक्षण लागते. तरी या पद्धतीला शस्त्रास्त्रांच्या दर्जाचे समृद्ध युरेनियम लागत नव्हते आणि विखंडनाचा अतिसक्रिय कचराही मागे उरत नव्हता. २००९-१० मध्ये कॅनडाची चॉक रिव्हर येथील अणुभट्टी दीर्घकाळ बंद पडली आणि जगात टेक्नेशियमचा तुटवडा झाला, तेव्हा या वाटेकडे इतरांचेही लक्ष गेले. २०१८ मध्ये अमेरिकेच्या औषध प्रशासनाने कमी विशिष्ट सक्रियतेचे मॉलिब्डेनम वापरणाऱ्या जनित्राला मंजुरी दिली. कमी आकडा हा दोष मानायचा की अभियांत्रिकीचा एक दिलेला प्रश्न, हे शेवटी यंत्र बांधणाऱ्यावर असते.

मॉलिब्डेनम पूर्णपणे वेगळे केले तरी टेक्नेशियम एकटे येत नाही. त्याच्या विघटनातून होणारे टेक्नेशियम-९९, अर्धायुष्य दोन लाख वर्षांहून अधिक, हे रासायनिकदृष्ट्या त्याचे जुळे भावंड जनित्रात साठत राहते. चोवीस तासांनी जनित्र धुतले तर निघालेल्या टेक्नेशियम अणूंपैकी जेमतेम २८ टक्के उपयोगाचे असतात; शुक्रवारी धुतलेले जनित्र सोमवारी धुतले तर सात-आठ टक्के. बाकीचे अणू शांत बसलेले असतात, पण औषधाच्या रेणूवरच्या जागा अडवतात. म्हणून मेंदूच्या रक्तपुरवठ्याच्या किंवा लाल पेशींच्या काही चाचण्यांसाठी जनित्र आदल्या दिवशी धुतलेले असावे आणि द्रावण ताजे असावे, असा दंडक आहे. इथे बाहेरून कोणीच काही मिसळलेले नाही. काळानेच छेद फुगवला.

दुसरा आक्षेप सामान्य वाचकाचा: विशिष्ट सक्रियता जास्त म्हणजे पदार्थ जास्त घातक, मग एवढा काथ्याकूट कशाला? हा समज मोडायला थोडे आकडे पुरेत. टेक्नेशियम-९९एमची कमाल विशिष्ट सक्रियता सीझियम-१३७ च्या साठ हजार पटींहून अधिक आहे. टेक्नेशियम रोज हजारो रुग्णांच्या शिरेत टोचले जाते. सीझियमने १९८७ मध्ये ब्राझीलमधल्या गोयानियात, भंगारात गेलेल्या एका वैद्यकीय स्रोतातून, चार जीव घेतले. घातकता ठरते ती एकूण बेकरेल किती, किरण कोणते, शरीरात ते कुठे आणि किती काळ राहतात, यावर. याच्या दुसऱ्या टोकाला शेतकऱ्याच्या गोदामातले पोटॅशचे पोते आहे. निसर्गातल्या पोटॅशियममध्ये दहा हजार अणूंमागे एखादाच अणू पोटॅशियम-४० चा असतो, तरी दर ग्रॅम पोटॅशियमला ३१ बेकरेल भरतात. पन्नास किलोच्या पोत्यात मिळून साडेसात लाखांहून अधिक. बातमीत ‘साडेसात लाख बेकरेल’ असे छापले तर गावभर घबराट होईल. प्रत्यक्षात त्या पोत्याजवळ काम करणाऱ्याला भिण्याचे काही कारण नाही. आपल्या शरीरातल्या पोटॅशियमचेच चार हजारांहून अधिक बेकरेल असतात, आणि जळगावच्या एका केळ्यात बारा-तेरा. उलट पोलोनियम-२१० च्या एका मायक्रोग्रॅममध्ये सोळा कोटींहून अधिक बेकरेल असतात आणि ते सगळे अल्फा कण. २००६ मध्ये लंडनमध्ये अलेक्झांडर लिटविनेंको यांचा मृत्यू ओढवायला डोळ्यांना न दिसणारी मात्रा पुरली. विशिष्ट सक्रियता सांगते ती हीच गोष्ट: धोका किंवा उपयोग किती वजनात मावतो. त्यापलीकडचे तिच्याकडून वदवून घेऊ नये.

किंबहुना ती मुद्दाम पाडणे हा संरक्षणाचा मार्ग असतो. थायरॉइडच्या उपचारात द्यायच्या शंभर मिलिक्युरी आयोडीन-१३१ चे वजन मायक्रोग्रॅमहूनही कमी, सुमारे ०.८ मायक्रोग्रॅम, माणसाची रोजची आयोडीनची गरज १५० मायक्रोग्रॅम. म्हणून उपचारापूर्वी रुग्णाला आयोडीनयुक्त आहार टाळायला सांगतात, नाहीतर किरणोत्सर्गी अणू साध्यांच्या गर्दीत हरवतात. अणुअपघातात नेमके हेच हवे असते. तेव्हा १३० मिलिग्रॅम पोटॅशियम आयोडाइडची गोळी देऊन थायरॉइड साध्या आयोडीनने भरून टाकतात. किरणोत्सर्गी अणू तेवढेच राहतात. शरीरातल्या आयोडीनची विशिष्ट सक्रियता मात्र कोसळते.

याचाच दुसरा अर्थ असा की सर्वोच्च आकडा नेहमी सर्वोत्तम नसतो. वाहकाशिवायचे समस्थानिक इतक्या अल्प वजनात असतात की ते बाटलीच्या काचेलाच चिकटून बसतात, आणि फार सक्रिय ट्रिटियमयुक्त संयुगे स्वतःच्याच किरणांनी साठवणीत मोडत जातात. ल्युटेशियम-१७७ चा सध्याचा वाद याच वळणावरचा आहे. चेतासंप्रेरकी गाठी आणि प्रोस्टेटचा कर्करोग यांवरच्या उपचारात हे ल्युटेशियम पेशीच्या मोजक्या ग्राहींवर नेऊन बसवतात. ग्राही मर्यादित असल्याने स्थिर सोबती जागा खातात. त्याची कमाल दर मिलिग्रॅमला ११० क्युरी. यटर्बियमपासून बनवले तर जवळजवळ तेवढी मिळते, पण ते वेगळे काढणे किचकट आणि महाग. तुर्भ्याच्या ध्रुव अणुभट्टीत ते समृद्ध ल्युटेशियम-१७६ पासून थेट बनवतात, आणि त्याची न्यूट्रॉन पकडण्याची क्षमता दोन हजार बार्नांच्या घरात असल्याने कमाल मर्यादेच्या साधारण पाचव्या हिश्श्यापर्यंत मजल जाते. त्याच परिसरात मॉलिब्डेनमच्या नशिबी दहा लाखांतला एक हिस्सा होता. थेट मार्गात ल्युटेशियम-१७७एम ही १६० दिवस टिकणारी अशुद्धी लेशमात्र येते आणि तिच्यामुळे रुग्णालयाच्या सांडपाण्याचे नियम कडक करावे लागतात, हा महागड्या मार्गाच्या समर्थकांचा सर्वांत बळकट मुद्दा. पण जिथे उपचाराची किंमतच रुग्णाला दारातून परत पाठवते, तिथे पाचव्या हिश्श्याचा माल पुरेसा ग्राही गाठत असेल तर तो घेणे योग्य, असे माझे मत आहे. दोन्ही मालांच्या कुपीवर मात्र तीन गोष्टी छापलेल्या असाव्या लागतात: सक्रियता किती, ती कोणत्या दिवशी कोणत्या वेळी मोजली, आणि कुपीत त्या मूलद्रव्याचे एकूण वजन किती. यांतली एक जरी गाळली, तरी उरलेल्या दोहोंवरून त्या कुपीची विशिष्ट सक्रियता काढता येत नाही.